आधी मांस, मग चवळी, शेवटी आंबट

अमेरिकेच्या दक्षिणेकडील राज्यांत, म्हणजे कॅरोलिना, जॉर्जिया, अलाबामा, मिसिसिपी या पट्ट्यात, १ जानेवारीच्या जेवणात चवळी असावीच लागते. चवळी म्हणजे नाणी आणि तिच्यासोबतची हिरवी पालेभाजी म्हणजे नोटा, त्यामुळे ती खाल्ली की वर्षभर पैशाची चणचण भासत नाही, असा तिथला समज आहे. भातासह शिजवली की तिला हॉपिन जॉन म्हणतात. धुरी दिलेल्या मांसाच्या रश्शात, कांदा, सेलरी आणि पालेभाजी घालून पळीवाढी ठेवली की तिचे पोटभरीचे सूप होते. या सूपचे साहित्य साधे आणि स्वस्त असते. तरीही कधी दाणे वरून फुटलेले आणि आतून कचकचीत राहतात, कधी रस्सा पाणचट होतो, तर कधी मांस चामड्यासारखे चिवट लागते. दोष बहुधा प्रमाणाचा नसून क्रमाचा असतो, कारण मांसातील कोलॅजेन हे चिवट प्रथिन, दाण्यातील पेशींना चिकटवणारे पेक्टिन आणि दाण्यातीलच स्टार्च या तिघांना मऊ होण्यासाठी लागणारी परिस्थिती वेगवेगळी आहे आणि एकाला मानवणारी गोष्ट दुसऱ्याला अडवते.

चवळी मूळची आफ्रिकेची. तिथून ती हजारो वर्षांपूर्वी भारतात आली आणि इथे इतकी रुळली की आपली उसळ, भाजीच्या लांब शेंगा आणि गोव्याचे अळसांदे हे सारे एकाच प्रजातीचे प्रकार आहेत, हे सहसा लक्षात येत नाही. अमेरिकेत मात्र ती गुलामांच्या व्यापाराबरोबर पोहोचली. पश्चिम आफ्रिकेतून पकडून नेलेल्या माणसांना ती पिकवायची कशी आणि रांधायची कशी हे ठाऊक होते, आणि दक्षिणेच्या स्वयंपाकातील तिचे स्थान त्यांच्या या ज्ञानावर उभे आहे. पुढे कापसाच्या सततच्या पिकाने तिथल्या जमिनी निकस झाल्या. १८९६ पासून अलाबामातील टस्कीगी येथे काम करणारे कृषिशास्त्रज्ञ जॉर्ज वॉशिंग्टन कार्व्हर यांनी अशा जमिनीत चवळी घेण्याचा आग्रह धरला, कारण तिच्या मुळांवरील गाठींत राहणारे जीवाणू हवेतील नायट्रोजन वनस्पतीला वापरता येईल अशा रूपात आणतात. शेतकऱ्याला त्यातून जमिनीचा कस आणि जेवणातील प्रथिने, दोन्ही मिळत.

आता दाण्याकडे पाहू. ज्याला आपण चवळीचा डोळा म्हणतो, त्या काळ्या वर्तुळाच्या मधोमध एक फिकट, लांबट खूण असते. शेंगेत असताना दाणा याच ठिकाणी देठाला जोडलेला होता. तिच्या एका टोकाशी सुईच्या अग्राएवढे छिद्र असते आणि कोरड्या दाण्यात पाणी शिरण्याची सुरुवात मुख्यतः याच भागातून होते. भिजत घातलेली चवळी थोड्या वेळाने पाहिली तर साल सुरकुतलेली दिसते. सालीने पाणी शोषून पसरायला सुरुवात केलेली असते, पण आतील डाळिंब्या अजून कोरड्या आणि लहान असतात. त्या फुगल्या की सुरकुत्या आपोआप जातात. सुरकुत्या असतानाच दाणे उकळत्या पाण्यात टाकले तर साल फाटते आणि आतला भाग असमान शिजतो. चवळीची साल राजम्याच्या मानाने पातळ असते, म्हणून दक्षिणेतील अनेक घरांत ती न भिजवताच चुलीवर चढते. तेही चालते. पण दाणे अखंड हवे असतील तर सहा ते आठ तास भिजवणेच योग्य. उन्हाळ्यात मात्र ते पाणी फ्रिजमध्ये ठेवावे, नाहीतर सकाळपर्यंत त्याला आंबूस वास येतो.

भिजवण्याच्या पाण्यात मीठ घालावे का, हा वादाचा मुद्दा आहे. मिठाने कडधान्य कडक होते असे आपल्याकडे सांगितले जाते आणि अमेरिकेतही सांगितले जाते. माझ्या मते स्वयंपाकघरातील चुकीच्या समजुतींत हिचा क्रमांक वरचा लागावा. दाण्यातील पेशी एकमेकींना पेक्टिन नावाच्या पदार्थाने चिकटलेल्या असतात, आणि पेक्टिनच्या लांब साखळ्यांना कॅल्शियम व मॅग्नेशियमचे आयन जागोजागी बांधून ठेवतात. मिठातील सोडियमचे आयन त्यांपैकी काहींची जागा घेतात. सोडियमवर एकच धनभार असल्याने त्याला दोन साखळ्या एकत्र धरता येत नाहीत, त्यामुळे पेक्टिन सैल होते आणि शिजताना लवकर विरघळते. लिटरभर पाण्याला सुमारे १५ ग्रॅम, म्हणजे मोठा चमचाभर मीठ पुरते. हे पाणी नंतर ओतून द्यावे आणि दाणे एकदा धुऊन घ्यावेत.

याच हिशेबाने दख्खनच्या पठारावरील एक जुनी तक्रारही उलगडते. बोअरच्या पाण्यात डाळ शिजत नाही, असे गृहिणी म्हणतात ते खरे आहे, कारण अशा दुष्फेन पाण्यातील कॅल्शियम आणि मॅग्नेशियम पेक्टिनचे बंध आणखी आवळतात. अशा ठिकाणी सूपसाठी गाळणयंत्राचे, क्षार कमी केलेले पाणी घ्यावे. चिमूटभर खाण्याचा सोडा घातला तरी काम होते, कारण अल्कधर्मी पाण्यात पेक्टिनच्या साखळ्या भराभर तुटतात. पण सोडा चिमटीपेक्षा अधिक झाला तर चव साबणासारखी होते आणि थायमिन हे जीवनसत्त्वही नष्ट होते. चवळी जुनी असेल तर मात्र यातल्या कशाचाच पुरेसा उपयोग होत नाही. दमट आणि उष्ण हवेत महिनोन्‌महिने साठवलेल्या दाण्यांत फायटेट या संयुगाचे हळूहळू विघटन होते, त्याने धरून ठेवलेले कॅल्शियम मोकळे होते आणि नेमके पेक्टिनला जाऊन चिकटते. पावसाळा पाहिलेली चवळी तासन्‌तास उकळूनही दाताखाली कडक लागते, ती यामुळे. या सूपसाठी नव्या हंगामाची चवळी शोधणे हे मसाल्यांपेक्षा महत्त्वाचे आहे.

मांस म्हणून दक्षिणेत हॅम हॉक वापरतात, म्हणजे डुकराच्या पायाच्या घोट्याजवळचा, खारवून धुरी दिलेला तुकडा. त्यात खाण्याजोगे मांस थोडेच असते. कातडी, हाड आणि स्नायुबंधच जास्त. सूपला तेच हवे असते. या भागांत कोलॅजेन भरपूर असते. तीन प्रथिनसाखळ्यांचा पीळ असलेले हे प्रथिन सुमारे ६० ते ६५ अंश सेल्सियसला आकसते, आणि म्हणून अर्धवट शिजलेला हॉक कच्च्यापेक्षाही चिवट लागतो. त्याहून अधिक तापमानाला पाण्यात बराच वेळ राहिल्यावर पीळ उलगडतो आणि कोलॅजेनचे जिलेटिन होऊन रश्शात उतरते. रस्सा ओठांना किंचित चिकटतो, तो जिलेटिनमुळे. उघड्या भांड्यात मंद आचेवर यासाठी दोन ते अडीच तास लागतात. भिजवलेली चवळी पाऊण ते एक तासात शिजते. दोन्ही एकदमच चढवले तर मांस तयार होईपर्यंत दाण्यांचा लगदा होतो, किंवा दाण्यांसाठी आच बंद केली तर मांस चिवट राहते. म्हणून ५०० ग्रॅम चवळीसाठी एक मोठा हॉक घेऊन तो अडीच लिटर पाण्यात, दोन तमालपत्रांसह, एकटाच दीड तास उकळू द्यावा आणि चवळी त्यानंतर घालावी. पाणी खळखळू देऊ नये. पृष्ठभागावर अधूनमधून बुडबुडा यावा एवढीच आच असावी. कुकरमध्ये पूर्ण दाबाला पाण्याचे तापमान १२० अंशांच्या आसपास जाते आणि हॉकचे काम पाऊण तासात होते, पण चवळी कुकर उघडल्यावर, साध्या उकळीवरच शिजवणे बरे.

चार्ल्सटन येथे १८४७ साली प्रसिद्ध झालेल्या एका पाककृतींच्या पुस्तकात हॉपिन जॉनची कृती आहे. तिच्यात एक पौंड बेकन, एक पाइंट लाल चवळी आणि तेवढाच तांदूळ घ्यायला सांगितला आहे, आणि क्रम याच्या उलट आहे: चवळी आधी, आणि ती अर्धी शिजल्यावर बेकन. हा विरोध वरवरचा आहे. बेकन हे पोटाकडच्या भागाचे, चरबीचे मांस असून त्यात हॉकसारखा कोलॅजेनचा साठा नसतो, त्यामुळे त्याला लांब उकळीची गरज पडत नाही.

हॉकचा रस्सा उकळत असताना एका कढईत कांदा, सेलरी आणि ढोबळी मिरची बारीक चिरून मंद आचेवर परतून घ्यावी. हे लुइझियानाच्या स्वयंपाकातील नेहमीचे त्रिकूट आहे. शेवटी चार पाकळ्या लसूण आणि थोडी सुकी थाइम घालून सारे चवळीबरोबरच रश्शात जाते. धुराचा वास देणारी संयुगे, मुख्यतः ग्वायाकॉल आणि सिरिंगॉल, लाकडातील लिग्निन तापून फुटल्यावर तयार होतात. ती पाण्यापेक्षा चरबीत अधिक सहज विरघळतात, म्हणून रश्शावरची सगळी तवंग काढून टाकणारा आचारी चवीचा मोठा भागही टाकत असतो. मांस शिजल्यावरही गुलाबी दिसले तर घाबरू नये; खारवताना वापरलेल्या नायट्राइटचा तो परिणाम आहे. हॉकमध्ये मीठ बरेच असल्याने रश्शाला वेगळे मीठ शेवटी, चव पाहूनच घालावे.

दाणा शिजला की नाही हे पाहण्यासाठी तो बोटांत चिरडण्यापेक्षा मधोमध कापावा. मध्यभागी खडूसारखा पांढरा ठिपका दिसला तर तेथील स्टार्चने अजून पुरेसे पाणी घेतलेले नाही. संपूर्ण काप एकसारखा, किंचित पारदर्शक दिसू लागला की दाणा तयार झाला. यात एक गंमत आहे. शिजलेल्या कडधान्यात पेशी एकमेकींपासून सुट्या होतात, पण त्यांच्या भिंती बहुतांशी अखंड राहतात आणि फुगलेला स्टार्च आतच कोंडलेला असतो. त्यामुळेच तो आतड्यात सावकाश पचतो आणि रक्तातील साखर एकदम चढत नाही. पण त्यामुळेच दाणे पूर्ण शिजूनही रस्सा पातळ राहू शकतो. उपाय सोपा आहे. दोन पळ्या दाणे भांड्याच्या कडेला दाबून चिरडावेत, म्हणजे पेशी फुटून स्टार्च मोकळा होतो आणि दहा मिनिटांत सूपला अंग येते. मैदा किंवा कॉर्नफ्लोअर लावण्याची गरज नसते, आणि लावल्यास चवळीची चव दबते, असे माझे मत आहे.

आंबट पदार्थ या सगळ्यानंतरच घालावेत. पीएच ४ च्या आसपास, म्हणजे बऱ्यापैकी आंबट पाण्यात, पेक्टिन सर्वांत टिकाऊ असते, त्यामुळे टोमॅटो किंवा व्हिनेगर लवकर पडले तर दाणे शिजण्याचे जवळजवळ थांबते. डब्यातील टोमॅटोच्या फोडी तर दुहेरी अडथळा आणतात, कारण त्या घट्ट राहाव्यात म्हणून त्यांत पुष्कळदा कॅल्शियम क्लोराइड मिसळलेले असते. अमेरिकेच्या ईशान्येकडील न्यू इंग्लंडमध्ये घेवड्याचे दाणे काकवीत तासन्‌तास भाजूनही अखंड राहतात, तेही काकवीतील आम्ल आणि कॅल्शियम यांमुळेच. तिथे तो गुण ठरतो, आपल्या सूपमध्ये दोष. टोमॅटो घालायचाच असेल तर दाणे मऊ झाल्यावर घालावा.

पालेभाजी म्हणून तिथे कोलार्ड वापरतात. ती कोबीचीच एक जात असून काश्मीरमध्ये हाख नावाने खाल्ली जाते. ती न मिळाल्यास नवलकोलची किंवा मोहरीची पाने चालतात. दक्षिणेतील जुन्या पद्धतीत पाने तासभर शिजवतात. क्लोरोफिलच्या, म्हणजे हरितद्रव्याच्या, रेणूतील मॅग्नेशियम निघून जाऊन तिथे हायड्रोजन आल्याने रंग शेवाळी तपकिरी होतो, पण कडवटपणा कमी होतो आणि पानांचा सत्त्वांश रश्शात येतो. या रश्शाला तिथे पॉटलिकर म्हणतात. हिरवा रंग हवा असेल तर पाने शेवटच्या दहा मिनिटांत घालावीत. तिखट मिरच्या मुरवलेले व्हिनेगर भांड्यात न घालता प्रत्येकाने आपल्या वाटीत घ्यावे, म्हणजे उरलेल्या सूपमधील पाने विटकी होत नाहीत.

शंभर ग्रॅम शिजलेल्या चवळीत सुमारे ८ ग्रॅम प्रथिने, साडेसहा ग्रॅम तंतू आणि २०० मायक्रोग्रॅमहून थोडे अधिक फोलेट असते. प्रथिने ज्यांची बनतात त्या अमिनो आम्लांपैकी तिच्यात लायसिन भरपूर आणि मेथिओनिन कमी, तर मक्यात नेमके उलट. सूपबरोबर मक्याचा कॉर्नब्रेड खाण्याच्या प्रथेमुळे दोन्हींची उणीव भरून निघते. पोट फुगण्याचे कारण असलेल्या रॅफिनोज आणि स्टॅकिओज या शर्करा फोडणारे विकर आपल्या लहान आतड्यात नसते, त्यामुळे मोठ्या आतड्यातील जीवाणू त्यांवर ताव मारतात आणि वायू तयार होतो. भिजवण्याचे पाणी टाकल्याने त्यांपैकी काही निघून जातात. आपल्याकडील मोड आणण्याची रीत याबाबत अधिक परिणामकारक आहे, कारण अंकुरणारा दाणा याच शर्करा स्वतःच्या वाढीसाठी खर्च करतो. मोड आलेल्या चवळीचे सूपही उत्तम होते, फक्त शिजण्याचा वेळ कमी धरावा.

डुकराचे मांस न खाणाऱ्यांसाठी दक्षिणेतही धुरी दिलेले टर्कीचे पंख किंवा पाय वापरतात आणि त्यांतूनही बऱ्यापैकी जिलेटिन मिळते. शाकाहारी सूपमध्ये जिलेटिनचा चिकटपणा आणता येत नाही. तिथे दाणे जरा अधिक चिरडावेत आणि कांदा तपकिरी होईपर्यंत परतावा. पेटत्या कोळशावर तूप सोडून दिलेला धुंगार छान लागतो, पण तो हॉकची जागा घेत नाही. कोळसा होतानाच लाकडातील लिग्निन बहुतांशी फुटून गेलेले असते, त्यामुळे धुंगारात मुख्यतः जळलेल्या तुपाचा वास असतो. त्यापेक्षा धुरावलेल्या लाल मिरचीची पूड, म्हणजे स्मोक्ड पेप्रिका, अधिक जवळची चव देते, कारण ती मिरची लाकडाच्या धुरावरच वाळवलेली असते.

उरलेले सूप मोठ्या पातेल्यात रात्रभर ओट्यावर ठेवू नये. काही जीवाणूंचे बीजाणू उकळीतूनही वाचतात आणि सावकाश निवणाऱ्या घट्ट रश्शात झपाट्याने वाढतात, म्हणून ते पसरट भांड्यांत ओतून दोन तासांच्या आत फ्रिजमध्ये ठेवावे. दुसऱ्या दिवशी ते वड्या पडाव्यात इतके घट्ट झालेले दिसते. त्यातील जिलेटिन तापवताच पुन्हा पातळ होते, मोकळ्या झालेल्या स्टार्चचा घट्टपणा मात्र सगळा जात नाही, म्हणून गरम करताना कपभर पाणी घालून मग मिठाची चव पुन्हा पाहावी.