बोरघाटातलं उलटं स्टेशन

५ एप्रिल २०२० रोजी, टाळेबंदीत रस्ता रिकामा मिळाल्यामुळे, एक्सप्रेसवेवरचा अमृतांजन पूल स्फोटाने पाडला. बातम्यांत त्याचं वय १९० वर्षं छापून आलं. पण १८३० हे साल खालच्या घाटरस्त्याचं, गव्हर्नर माल्कमच्या काळातलं. पूल होता रेल्वेच्या जुन्या मार्गावरचा, आणि मुंबईत पहिली गाडी धावली तीच १८५३ साली. त्या पुलाशी जोडलेलं खंडाळ्याअलीकडचं एक स्टेशन बंद झालं, त्याला आता शंभर वर्षं होत आली. नाव रिव्हर्सिंग स्टेशन. त्याला गावाचं नाव मिळालं नाही, कारण ते कुठल्या गावासाठी नव्हतंच.

१८५६ साली रूळ खोपोलीला पोचले, १८५८ च्या जूनमध्ये खंडाळा ते पुणे गाडी सुरू झाली. मधला घाट मोकळाच. पुण्याचा माणूस खंडाळ्याला उतरायचा आणि पालखीतून, तट्टावरून नाहीतर पायी खोपोली गाठून पुन्हा गाडीत बसायचा.

घाटाचं काम १८५६ च्या सुरुवातीला लागलं. मुख्य अभियंता जेम्स बर्कली, कंत्राटदार फेव्हिएल. मजुरी थकली म्हणून १८५९ मध्ये मजुरांनी दंगा केला आणि फेव्हिएलने काम सोडलं. नवा कंत्राटदार सॉलोमन ट्रेडवेल इथे आल्यावर काही आठवड्यांतच वारला. मग त्याची बायको अ‍ॅलिस हिने कंत्राट आपल्याकडे घेऊन दोन अभियंत्यांकरवी ते तडीस नेलं. कामाच्या ऐन भरात ४० हजारांवर माणसं डोंगरात राबत होती. वाट मात्र शिंगरोबा धनगराने दाखवली, असं घाटात सांगतात. कागदोपत्री त्याचं नाव शोधण्यापेक्षा जुन्या रस्त्यावरचं त्याचं देऊळ बघावं. तिथे ट्रकवाले आजही नाणं टाकून पुढे जातात.

२१ एप्रिल १८६३ ला घाट खुला झाला: सुमारे २५ किलोमीटर लांबी, २५ बोगदे, ८ मोठे पूल, आणि काही ठिकाणी ३७ फुटांत एक फूट चढ. अडचण होती नागफणीच्या कड्याजवळ. डोंगराची सोंड इतकी अरुंद की गाडीला वळवून वर न्यायला जागाच नाही. बर्कलीने वळण घेण्याचा नाद सोडला. गाडी सरळ सोंडेच्या टोकावर न्यायची, थांबवायची, इंजिन सोडायचं, शेजारच्या रुळावरून मागे आणून दुसऱ्या टोकाला जोडायचं आणि आलो त्याच्या उलट दिशेने वर निघायचं. म्हणजे कर्जतहून शेवटी असलेला डबा खंडाळ्यात पहिला शिरायचा! अशीच युक्ती थळ घाटातही केली होती.

युक्ती नामी, पण वेळखाऊ. शिवाय टोकावर जागा जेवढी, तेवढीच गाडीची लांबी. रहदारी वाढली तशी ही सोंड गळफास झाली. शेवटी १९२९ साली नवे बोगदे खणून मार्ग बदलला, त्याच वर्षी पुण्यापर्यंत विजेची इंजिनं आली आणि रिव्हर्सिंग स्टेशनला टाळं लागलं. १ जून १९३० ला सुरू झालेल्या डेक्कन क्वीनला ते कधी भेटलंच नाही. पुणेकरांच्या आठवणींत ते नाही, यात म्हणूनच नवल नाही.

पूल मात्र उरला. त्याच्याजवळ बामच्या जाहिरातीची मोठी पाटी लागली आणि रेल्वेच्या पुलाला डोकेदुखीच्या औषधाचं नाव चिकटलं. पुढे एक्सप्रेसवे त्याच्या खांबांमधून गेला. खांबांमुळे तिथे वाहनांची कोंडी होई, म्हणून पूलही गेला.

घाटासाठी गाडी थांबवणं मात्र सुटलं नाही, ते खाली कर्जतला आलं. पुण्याकडे येणाऱ्या बहुतेक गाड्यांना तिथे मागून ढकलायला बँकर इंजिनं लागतात. धक्का बसून डबा हलतो, तोवर खिडकीतून गरम वडा घेऊन सुटे पैसे मोजून होतात.