नाइट फेरी : लंडन–पॅरिस रात्रगाडीची पार्श्वभूमी

लंडनच्या व्हिक्टोरिया स्थानकातून रात्री निघून सकाळी पॅरिसच्या नॉर स्थानकात पोहोचणारी ‘नाइट फेरी’ ही गाडी १४ ऑक्टोबर १९३६ रोजी सुरू झाली आणि ३१ ऑक्टोबर १९८० च्या रात्री शेवटची सुटली. वाटेतल्या इंग्लिश खाडीखालून तेव्हा बोगदा नव्हता. त्यामुळे इंग्लंडमधील डोव्हर ते फ्रान्समधील डंकर्क हा टप्पा शयनयानाचे डबेच जहाजात चढवून, प्रवासी आत झोपलेले असताना, पार केला जाई. विमानांनी ही गाडी संपवली, असे सरसकट सांगितले जाते. ते खोटे नाही, पण गाडीच्या डब्यांची गोष्ट सांगितल्याशिवाय तो खुलासा अपुरा राहतो.

खाडीखालून बोगदा खणण्याचे काम एकोणिसाव्या शतकात सुरूही झाले होते. मात्र शत्रूला आयती वाट मिळेल या लष्करी धास्तीने ब्रिटनने ते १८८२ मध्ये थांबवले. पुढे पहिल्या महायुद्धात युद्धसामग्रीचे वॅगन जहाजातून फ्रान्सला नेण्यात आले आणि १९२४ पासून इंग्लंडमधील हार्विच ते बेल्जियममधील झेब्रुगा अशी मालवाहतूक त्याच पद्धतीने सुरू झाली. प्रवाशांसाठी ही पद्धत वापरायचे सदर्न रेल्वे या दक्षिण इंग्लंडमधील कंपनीने ठरवले, तेव्हा खरी कसोटी डोव्हरच्या धक्क्यावर लागली. तेथे उधाणाच्या वेळी भरती-ओहोटीच्या पातळीत सुमारे सहा मीटरांचा फरक पडतो, आणि किनाऱ्यावरचे रूळ जहाजातल्या रुळांना जुळल्याखेरीज डबा पुढे सरकू शकत नाही. म्हणून दरवाजे असलेली बंद गोदी बांधण्यात आली : जहाज आत घ्यायचे, दरवाजा लावायचा आणि रूळ समपातळीत येईपर्यंत पंपाने पाणी कमी-जास्त करायचे. कल्पना सोपी होती; पण तळाच्या चुनखडकातील भेगांतून पाणी झिरपत राहिल्याने बांधकाम रखडले, आणि १९३४ मध्ये बांधलेल्या ‘ट्विकनहॅम फेरी’, ‘हॅम्प्टन फेरी’ व ‘शेपर्टन फेरी’ या तीन जहाजांना गोदीची वाट पाहत थांबावे लागले.

दोन्ही देशांत रुळांमधले अंतर एकच असले, तरी ब्रिटनमधील पूल, बोगदे आणि फलाट युरोपातल्या डब्यांच्या मानाने अरुंद मापाचे आहेत. त्यामुळे युरोपभर शयनयाने चालवणाऱ्या वॅगों-ली कंपनीला या एका मार्गासाठी ‘एफ’ प्रकारचे वेगळे, कमी रुंदीचे निळे डबे बांधावे लागले. ब्रिटिश इंजिनांसाठी निर्वात ब्रेक आणि फ्रेंच इंजिनांसाठी हवेच्या दाबाचे ब्रेक अशी दुहेरी सोय त्यांत होती, आणि प्रत्येक डब्यात नऊ खोल्या होत्या. १९३६ मध्ये असे बारा, १९३९ मध्ये सहा आणि १९५२ मध्ये सात डबे तयार झाले. दुसरीकडे कोठे त्यांची गरज नव्हती आणि दुसरीकडचा डबा त्यांच्या जागी लावता येत नव्हता.

प्रवाशांची पारपत्रे आणि सामान व्हिक्टोरियालाच, वेगळ्या राखलेल्या फलाटावर तपासले जाई. पुढे सकाळपर्यंत उठण्याचे कारण नाही, अशी योजना होती. प्रत्यक्षात झोप लागे ती थकलेल्यांनाच. जहाज एका बाजूला कलू नये म्हणून गाडीचे तुकडे करून डबे दोन्ही कडांच्या रुळांवर वाटून घेत, आणि मग खलाशी प्रत्येक डबा जाड साखळ्यांनी डेकला जखडत. खिडकीखालचा तो खणखणाट, बफरांचे धक्के आणि खोलीत ठेवलेली जीवरक्षक जाकिटे यांतून आपण कोठे आहोत हे न सांगता कळे. हा थाट शयनयानाच्या तिकिटापुरताच होता. साध्या डब्यांतले प्रवासी बंदरावर उतरून पायी जहाजात चढत आणि पलीकडे दुसरी गाडी धरत.

सप्टेंबर १९३९ मध्ये युद्धामुळे सेवा थांबली आणि जहाजे लष्करी कामाला लागली. डिसेंबर १९४७ मध्ये ती पुन्हा सुरू झाली. त्यानंतरचे दशक या गाडीचे सर्वांत भरभराटीचे म्हणावे लागेल. १९५१ मध्ये ‘सँ-जेर्मँ’ हे फ्रेंच जहाज दाखल झाले, १९५७ पासून ब्रुसेल्सचे डबेही जोडले जाऊ लागले, आणि ड्यूक ऑफ विंडसर (राज्यत्याग केलेले राजे आठवे एडवर्ड) यांच्यासारखे प्रवासी तिने येत-जात. अवजड शयनयानांमुळे ब्रिटनमधल्या सर्वांत जड प्रवासी गाड्यांत तिची गणना होई आणि वाफेच्या काळात तिला बहुधा दोन इंजिने लावावी लागत.

पुढे तासाभराच्या विमानप्रवासाने व्यावसायिक प्रवासी ओढून नेला, हे उघडच आहे. तरीही रात्रीचा वेळ वाचवणाऱ्या गाडीला काही गिऱ्हाईक उरले होते. १९८० पर्यंत सर्वांत जुने डबे चव्वेचाळीस वर्षांचे झाले होते आणि त्यांत वातानुकूलन नव्हते; नवे बांधायचे तर ते पुन्हा याच एका मार्गासाठी बांधावे लागले असते, आणि तो खर्च घटत्या प्रवाशांवर भागणारा नव्हता. माझ्या मते निर्णय येथे झाला.

मालाचे वॅगन मात्र त्यानंतरही जहाजातून जात राहिले. ‘एफ’ प्रकारच्या शयनयानांपैकी एक आज यॉर्कच्या राष्ट्रीय रेल्वे संग्रहालयात आहे. नोव्हेंबर १९९४ मध्ये खाडीखालच्या बोगद्यातून युरोस्टार ही वेगवान गाडी धावू लागली, आणि त्याच बोगद्यासाठी ‘नाइटस्टार’ या रात्रगाड्यांचे डबेही ब्रिटनच्या मापाने बांधायला घेण्यात आले. पण ती योजना १९९९ मध्ये रद्द झाली आणि पुढच्या वर्षी ते डबे कॅनडाच्या व्हिया रेल या प्रवासी रेल्वे कंपनीला विकण्यात आले.