मुंबई परिसरातील घुबडे

मुंबई बेट, साष्टी आणि ठाणे-शहापूरकडील डोंगराळ जंगल या पट्ट्यात राहणारे स्ट्रिजिफॉर्मीस गणातील शिकारी पक्षी. या गणात दोनच कुले आहेत. गव्हाणी घुबड टायटोनिडी कुलात मोडते, तर पिंगळ्यापासून शृंगी घुबडापर्यंत इथली बाकी सर्व घुबडे स्ट्रिजिडी कुलात. गव्हाणी घुबडाचे शास्त्रीय नाव जुन्या पुस्तकांत टायटो आल्बा असे आढळते. अलीकडच्या काही याद्या पूर्वेकडील पक्षी वेगळे काढून भारतीय पक्षी टायटो जावानिका या जातीत घालतात. हा बदल सर्वांनी स्वीकारलेला नसल्यामुळे येथे जुनेच नाव ठेवले आहे.

भर वस्तीत नेहमी दिसणाऱ्या जाती दोन. पिंगळा जुन्या झाडांच्या ढोलीत जोडीने राहतो आणि संध्याकाळी उजेड असतानाच बाहेर पडतो. गव्हाणी घुबड इमारतींचे कोनाडे, माळे आणि बंद पडलेल्या वास्तू पसंत करते. बोरिवलीच्या राष्ट्रीय उद्यानात व त्याभोवतीच्या जंगलात जंगली पिंगळा, शिंगळा घुबड, तपकिरी मत्स्य घुबड, ठिपकेदार वन घुबड या जातीही आहेत. सलीम अली आणि हुमायून अब्दुलअली यांनी मुंबई व साष्टीच्या पक्ष्यांवरील लेखमाला 1936 पासून बॉम्बे नॅचरल हिस्ट्री सोसायटीच्या नियतकालिकात प्रसिद्ध केली. परिसरातील पक्षिनोंदींचा पाया अजूनही तीच समजली जाते. मात्र घुबडांच्या बाबतीत कोणतीही यादी वाचताना नोंद नुसत्या आवाजावरून केली आहे, प्रत्यक्ष पाहून केली आहे की संग्रहातील नमुन्यावर आधारलेली आहे, हे आधी पाहावे. नमुन्यावरची नोंद सर्वांत भक्कम, असा सर्वसाधारण समज आहे. तो नेहमीच खरा ठरत नाही, हे पुढे रान पिंगळ्याच्या प्रकरणात दिसेल.

घुबडाचे डोळे खोबणीत फिरत नाहीत. ती उणीव चौदा मणक्यांची मान भरून काढते. डोके एका बाजूला सुमारे 270 अंशांपर्यंत वळते. गव्हाणी घुबडाची खरी मदार कानांवर आहे. त्याची कर्णछिद्रे एका पातळीत नसतात. डावे छिद्र वर असून त्याचा रोख खाली असतो, उजव्याचा वर. त्यामुळे खालून आलेला आवाज डाव्या कानाला अधिक मोठा ऐकू येतो आणि भक्ष्य किती खाली आहे ते कळते. डावी-उजवी दिशा दोन्ही कानांवर आवाज पोचण्यातल्या सूक्ष्म कालांतरावरून ठरते. पूर्ण अंधारातही हा पक्षी केवळ आवाजावरून उंदीर अचूक पकडतो, हे रॉजर पेन यांनी 1971 मध्ये प्रसिद्ध केलेल्या प्रयोगांतून सिद्ध झाले. 1978 मध्ये नडसन आणि कोनिशी यांनी त्याच्या मेंदूत आवाजाच्या दिशांचा अक्षरशः नकाशा असल्याचे दाखवले.

रान पिंगळा. ही जंगली पिंगळ्याहून वेगळी जात. ॲलन ऑक्टेव्हियन ह्यूम यांनी 1873 मध्ये या जातीचे वर्णन केले. नमुना आजच्या छत्तीसगडातला होता. पुढे जेम्स डेव्हिडसन या मुलकी अधिकाऱ्याने खानदेशातून आणखी नमुने गोळा केले. त्यांतला शेवटचा 1884 चा. त्यानंतर शंभराहून अधिक वर्षे हा पक्षी खात्रीने कोणालाच दिसला नाही.

अपवाद म्हणून एकच नमुना पुढे केला जाई. रिचर्ड माइनर्ट्झहागेन यांच्या संग्रहात ऑक्टोबर 1914 मध्ये तापीकाठच्या मांडवी येथे मिळवल्याची चिठ्ठी असलेला एक पक्षी होता. तो प्रमाण धरल्याने ही जात विसाव्या शतकात गुजरातेत होती असा निष्कर्ष निघाला आणि शोधाची दिशाही त्याप्रमाणे ठरली. माइनर्ट्झहागेन त्या वेळी पूर्व आफ्रिकेच्या मोहिमेवरील सैन्याचे अधिकारी होते, आणि ते सैन्य 16 ऑक्टोबर 1914 रोजी मुंबई बंदरातून निघाले. याच महिन्यात तापीकाठी पक्षी टिपायला त्यांना सवड कुठून मिळाली, हा प्रश्न खरे तर आधीच पडायला हवा होता. पक्षितज्ज्ञ पामेला रासमुसेन आणि नायजेल कॉलर यांनी नमुन्याची भरण व बांधणी तपासून 1999 मध्ये निर्णय प्रसिद्ध केला. पक्षी मुळात डेव्हिडसन यांचाच; ब्रिटिश संग्रहालयातून चोरून, पुन्हा भरून त्याला नवी चिठ्ठी लावलेली. माइनर्ट्झहागेन यांच्या इतर नमुन्यांतही अशीच लबाडी उघड झाली असल्याने हे मत ग्राह्य धरावे.

हा निर्णय छापून येण्याआधीच, मांडवीची चिठ्ठी बाजूला ठेवून जुन्या खऱ्या नमुन्यांच्या ठिकाणी शोध घेतल्यावर 25 नोव्हेंबर 1997 रोजी शहाद्याजवळ रासमुसेन, बेन किंग आणि डेव्हिड ॲबट यांना रान पिंगळा दिसला. साध्या पिंगळ्याच्या डोक्यावर ठळक पांढरे ठिपके असतात, याच्या डोक्यावर ते जवळजवळ नसतात. छातीवरचा तपकिरी रंग गडद, पोटाचा मध्य पांढरा. शिवाय तो दिवसाही शिकार करतो. 2014 मध्ये तो तानसा अभयारण्यात, म्हणजे 1892 पासून मुंबईला पाणी पुरवणाऱ्या तलावाच्या जंगलात आढळला. त्याला हेटेरोग्लॉक्स या स्वतंत्र प्रजातीत ठेवावे की साध्या पिंगळ्याच्या अथेने प्रजातीत, हा वाद 2018 च्या जनुकीय अभ्यासाने बऱ्याच अंशी अथेनेच्या बाजूने झुकवला आहे. त्याच वर्षी आंतरराष्ट्रीय लाल यादीत त्याची श्रेणी ‘अतिसंकटग्रस्त’वरून ‘संकटग्रस्त’ अशी बदलण्यात आली.

लोकसमजुती. घुबडाला दगड मारला की ते तो उचलून पाण्यात टाकते आणि दगड झिजेल तसा माणूस झिजतो, ही समजूत कोकणात व देशावर सारखीच ऐकू येते. अशुभाची कल्पना बरीच जुनी आहे. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातील 165 वे सूक्त कपोत (कबूतर) आणि उलूक (घुबड) यांच्या दुश्चिन्हाच्या निवारणासाठी आहे. महाभारताच्या सौप्तिकपर्वात झोपलेल्या कावळ्यांना मारणारे घुबड पाहूनच अश्वत्थाम्याला रात्रीच्या हत्याकांडाची युक्ती सुचते. पिंगळ्याची गोष्ट निराळी आहे. त्याचा आवाज सरसकट वाईट मानलेला नाही, तो शुभाशुभ सांगणारा मानला आहे. वसंतराजशकुन या संस्कृत ग्रंथात पिंगलेच्या आवाजावर स्वतंत्र प्रकरण आहे. बंगालचा राजा बल्लाळसेन याच्या अद्भुतसागर या ग्रंथात या ग्रंथाचा आधार घेतलेला असल्याने तो बाराव्या शतकाच्या उत्तरार्धापूर्वीचा मानणे सुरक्षित ठरते. पहाटे कंदील व कुडमुडे घेऊन दारोदार भविष्य सांगणारा पिंगळा जोशी हा परंपरेने पक्ष्याची भाषा जाणणारा. ही विद्या ग्रंथातून लोकाचारात उतरली, की लोकाचारातले ज्ञान ग्रंथकाराने सूत्रबद्ध केले, याविषयी दोन्ही बाजूंनी बोलता येते. दुसरी शक्यता अधिक सयुक्तिक वाटते, कारण आवाजांचे इतके बारकावे रानात वावरणाऱ्यांनाच सुचावेत.

लक्ष्मीचे वाहन म्हणून घुबडाची पूजा मुख्यतः बंगालची. मुंबईतील मराठी घरांच्या लक्ष्मीपूजनात त्याला स्थान नाही. तरी दिवाळीच्या सुमारास जादूटोण्यासाठी घुबडांची चोरटी विक्री देशभर वाढते. 1972 च्या वन्यजीव संरक्षण कायद्याने घुबड पकडणे, बाळगणे व विकणे हा गुन्हा आहे.