वारणेचा तह ते ताश्कंद: तह टिकतो कधी आणि मोडतो कधी

कुठल्याही दोन देशांची शांतता चर्चा सुरू झाली की टीव्हीवर एकच चर्वितचर्वण, कोण जिंकलं आणि कोण झुकलं. माझं स्पष्ट मत आहे की तह टिकणार का नाही ते यावरून कळतच नाही. हरलेल्याच्या हातात काय शिल्लक ठेवलं आणि उद्या एकानं शब्द मोडला तर दुसऱ्यानं दाद मागायची कुठं, हे दोन प्रश्न आधी विचारले पाहिजेत. त्यासाठी जिनिव्हाला जायची गरज नाही, आपल्या सातारा-सांगलीच्या पट्ट्यातच दोन तह झालेत, एक टिकलेला आणि एक वीस वर्षांत निकालात काढलेला.

पहिला वारणेचा. शाहू महाराज १७०७ मध्ये मोगलांच्या कैदेतून सुटून आले, साताऱ्याला गादीवर बसले आणि तिकडं पन्हाळ्याला ताराराणींची, पुढं राजाराम महाराजांचे धाकटे चिरंजीव संभाजीराजे यांची वेगळी गादी उभी राहिली. सख्खे चुलत भाऊ, आणि वीस-बावीस वर्षं भांडण. त्यात निजामानं संभाजीराजांना हाताशी धरलं, बाजीरावांनी १७२८ ला पालखेडला निजामाला कोंडलं तेव्हा तो आधार गेला, आणि १७३० मध्ये संभाजीराजांच्या वारणाकाठच्या छावणीवर साताऱ्याच्या फौजेनं छापा घातला त्यात ताराराणी आणि संभाजीराजांच्या राणी जिजाबाई दोघी हाती लागल्या. म्हणजे शाहू महाराजांच्या हातात सगळंच होतं, मनात आणलं असतं तर ती गादी तेव्हाच संपवता आली असती. त्यांनी जिजाबाईंना मानानं परत पाठवलं. १७३१ च्या फेब्रुवारीत कराडजवळ जखिणवाडीला दोघा भावांची भेट झाली, ती पण दरबारी इतमामानं, कैदी आणून उभा केल्यासारखी नाही. मग १३ एप्रिल १७३१ ला तह झाला.

त्यातली कलमं बघा. वारणेच्या दक्षिणेचा मुलूख संभाजीराजांना, उत्तरेचा साताऱ्याला. तासगाव, अथणीसारखी ठाणी शाहू महाराजांकडं. तुमचा शत्रू तो आमचा शत्रू. आणि एकाकडून रुसून किंवा काढून टाकलेला चाकर दुसऱ्यानं ठेवून घ्यायचा नाही. हे शेवटचं कलम मला सगळ्यात महत्त्वाचं वाटतं, कारण दोन दरबारांत आग लावायचं काम बहुतेक अशीच माणसं करायची, इकडं नाराज झाले की तिकडं, तिकडं जमलं नाही की परत इकडं.

गंमत म्हणजे जगातल्या सगळ्यात जुन्या म्हणून ओळखल्या जाणाऱ्या तहांपैकी एक, इजिप्तचा रामसेस दुसरा आणि आजच्या तुर्कस्तानातल्या हित्ती लोकांचा राजा हत्तुसिली यांचा, इ.स.पूर्व १२५९ च्या सुमाराचा, त्यातही हेच आहे. एकमेकांवर चालून जायचं नाही, तिसरा चालून आला तर मदतीला धावायचं आणि पळून आलेली माणसं परत करायची. इतक्या लांबच्या काळात, इतक्या लांबच्या मुलखात माणसांना तेच सुचलं. त्याची एक प्रत कर्नाकच्या देवळाच्या भिंतीवर कोरलेली आहे, दुसरी तुर्कस्तानात मातीच्या पाट्यांवर सापडली.

सांगलीजवळ हरिपूरला संगमावर उभं राहिलं की वारणा कृष्णेला मिळताना दिसते. आजही बऱ्याच अंतरापर्यंत सांगली आणि कोल्हापूर जिल्ह्यांची हद्द हीच नदी आहे. दोन्ही छत्रपतींच्या हयातीत त्यांच्यात पुन्हा मोठं युद्ध झालं नाही.

आता दुसरा तह, २५ सप्टेंबर १८१९ चा, ईस्ट इंडिया कंपनी आणि साताऱ्याचे छत्रपती प्रतापसिंह महाराज यांच्यातला. पेशवाई बुडवताना इंग्रजांना साताऱ्याच्या गादीचं नाव पाहिजे होतं म्हणून त्यांनी राज्य परत दिलं, पण कलम असं घातलं की इंग्रजांच्या एजंटाशिवाय बाहेरच्या कुठल्याही सत्तेशी, सरदार-जहागीरदारांशी सुद्धा परस्पर व्यवहार करायचा नाही. म्हणजे तक्रार कुणाकडं करायची तर ज्याच्याविरुद्ध तक्रार आहे त्याच्याकडंच! पुढं जहागिरींच्या हक्कावरून वाद वाढला, मग गोव्याच्या पोर्तुगीजांशी संधान, शिपायांना फितवणं असले आरोप आले. १८३९ मध्ये मुंबईचा गव्हर्नर कार्नाक स्वतः साताऱ्याला आला आणि म्हणाला की तह मोडल्याचं लिहून द्या, गादी राहील. महाराजांनी सही केली नाही. सप्टेंबरमध्ये त्यांना काढलं, काशीला पाठवलं, तिथंच १८४७ ला ते गेले. १८४८ मध्ये डलहौसीनं राज्यच खालसा केलं.

ह्या सहीच्या गोष्टीवरून मला पहिल्या महायुद्धानंतरच्या व्हर्सायच्या तहाची आठवण होते. १९१९ मध्ये जर्मनीला चर्चेला बसवलंच नाही, तयार मसुदा हातात दिला आणि कलम २३१ मध्ये युद्धाची जबाबदारी कबूल करून घेतली. वीस वर्षांत परत महायुद्ध. त्याच्या शंभर वर्षं आधी, नेपोलियनच्या पराभवानंतर व्हिएन्नात भरलेल्या परिषदेत मात्र हरलेल्या फ्रान्सचा परराष्ट्रमंत्री तालेराँ टेबलावर होता, वाटाघाटी करत होता, आणि त्यानंतर १९१४ पर्यंत सगळा युरोप ओढला जाईल असं युद्ध पेटलं नाही. एवढं एकच कारण नसेल, पण ते छोटंही नाही.

रंगो बापूजी गुप्ते यांचं नाव साताऱ्यात सगळ्यांना माहीत आहे, पण ते काय करत होते ते नीट सांगितलं जात नाही. महाराजांचे वकील म्हणून हा माणूस १८४० ला लंडनला पोचला आणि १८५३ पर्यंत तिथं राहिला. पैशाची ओढाताण, परका देश, आणि कंपनीच्या भागधारकांच्या सभेत उभं राहून १८१९ च्या तहावर बोट ठेवून विचारायचं की हा करार तुमच्याच सहीचा आहे ना. जोसेफ ह्यूम, जॉर्ज थॉम्प्सन यांच्यासारखे इंग्रज त्यांच्या बाजूनं बोलले सुद्धा. न्याय मिळाला नाही, कारण न्यायाधीश आणि प्रतिवादी एकच. परत आल्यावर १८५७ च्या उठावाच्या तयारीत ते होते, त्यांचा मुलगा सीतारामला इंग्रजांनी साताऱ्यात फाशी दिली, रंगो बापूजी मात्र शेवटपर्यंत हाती लागले नाहीत. चौदा वर्षं कागद घेऊन दारोदार फिरलेला माणूस शेवटी हत्याराकडं वळला, ह्याला कोण जबाबदार ते कळायला फार इतिहास वाचायला नको.

तिसऱ्याकडं दाद मागायची सोय जगानं नंतर केली. १८९९ च्या हेग परिषदेतून लवादाचं कायमचं न्यायालय निघालं, पुढं राष्ट्रसंघ, १९४५ ला संयुक्त राष्ट्रं. ताकदवान देश ऐकत नाहीत हे खरंच आहे, पण जागा तरी आहे.

१९६५ च्या भारत-पाकिस्तान युद्धानंतर १९६६ च्या जानेवारीत ताश्कंदला शांतता बोलणी झाली, तिथं सोव्हिएत पंतप्रधान कोसिगीन मध्यस्थ होते. शास्त्रीजींबरोबर आपले यशवंतराव चव्हाण, देवराष्ट्र्यात जन्मलेले आणि कराडात वाढलेले, संरक्षणमंत्री म्हणून गेले होते. १० तारखेला सही झाली, दोन्ही फौजांनी २५ फेब्रुवारीपर्यंत ५ ऑगस्ट १९६५ च्या आधीच्या जागी जायचं ठरलं, म्हणजे जवानांनी रक्त सांडून घेतलेली काश्मीरमधली हाजी पीर खिंड सोडायची. त्याच रात्री शास्त्रीजी गेले. करारावरून दोन्ही देशांत संताप झाला, तरी फौजा मुदतीत मागं आल्या. काश्मीरचा मूळ प्रश्न त्यात हातच लावला नव्हता आणि सहा वर्षं पुरी व्हायच्या आत, १९७१ च्या डिसेंबरात, परत युद्ध झालं. त्यानंतरच्या १९७२ च्या सिमला करारात दोघांनी वाद आपसातच मिटवायचे असं ठरवलं, मध्यस्थ नको ही आपली भूमिका तेव्हापासून पक्की आहे.