शेत मित्राचं, घाम आपला: स्टारड्यू व्हॅलीत होस्ट होणं आणि जॉइन होणं

आमच्या ग्रुपमधल्या कळव्याच्या मैत्रिणीने सेलमध्ये स्टारड्यू व्हॅली हा शेतीचा व्हिडिओ गेम घेतला आणि शनिवार-रविवार दोन्ही दिवस एकटीने खेळली. कोंबड्या घेतल्या, दगड फोडले, मासे पकडले, शेताला आजोळच्या गावाचं नाव दिलं. सोमवारी रात्री आम्ही तिला आमच्या एकत्रित शेतात जॉइन व्हायचा कोड पाठवला. जॉइन झाल्यावर तिचा पहिला प्रश्न, "माझ्या कोंबड्या कुठायत?"

कोंबड्या तिच्याच लॅपटॉपवर होत्या, सुखरूप. फक्त त्या आमच्याकडे येणार नव्हत्या. तीही आली नव्हती, म्हणजे तिने दोन दिवस राबवलेलं ते पात्र आलं नव्हतं. गेमने तिला नवं नाव, नवा चेहरा निवडायला लावून आमच्या शेताच्या कोपऱ्यातल्या रिकाम्या खोपटात उभं केलं होतं.

हा घोळ जवळपास प्रत्येक नव्या माणसाचा होतो आणि मी त्याचा दोष फार्मव्हिलला देतो. फेसबुकवरचं ते शेत 2009 मध्ये आलं आणि 2020 च्या 31 डिसेंबरला बंद झालं. ज्यांनी ऑफिसात साहेबाची नजर चुकवून त्यात भोपळे काढले, त्यांच्या डोक्यात एक चित्र पक्कं बसलंय: माझं शेत माझं, तुझं शेत तुझं, मी तुझ्याकडे येऊन खत घालणार आणि परत जाणार. पुढे मोबाइलवर आलेल्या हे डेमध्येही तेच, शेजाऱ्याकडे चक्कर मारायची आणि घरी यायचं. तिथे मित्राकडे जाणं म्हणजे पाहुणा म्हणून जाणं. स्टारड्यूमध्ये पाहुणा हा प्रकारच नाही. तिथे तुम्ही एक तर होस्ट असता, म्हणजे ज्याच्या मशीनवर शेत चालतं तो, नाहीतर त्याच्या शेतावर राहायला गेलेले असता.

आपल्याकडच्या भाषेत सांगायचं तर सातबारा होस्टच्या नावावर असतो. हे मी नुसतं गमतीने म्हणत नाही. गेमची सेव्ह, म्हणजे आतापर्यंतच्या खेळाची नोंद, होस्टच्या मशीनवर राहते, कुठल्या सर्व्हरवर नाही. विंडोजवर ती अ‍ॅपडेटामधल्या स्टारड्यू व्हॅलीच्या फोल्डरात, सेव्ह्ज नावाच्या फोल्डरात सापडते आणि त्या शेताच्या फोल्डरला नाव असतं होस्टच्या पात्राचं, पुढे एक लांबलचक आकडा. चौघांनी मिळून तीन वर्षं नांगरलं तरी नाव त्याचंच. बाकीचे तिघं त्या फोल्डरच्या आत असतात. त्यांच्या स्वतःच्या मशीनवर त्या शेताचा मागमूस नसतो.

मग जॉइन होणाऱ्याचं स्वतःचं काय? बरंच काही. गेम त्याला 'फार्महँड' म्हणतो. या शब्दाने आमच्यातल्या एकाला राग आला होता, "म्हणजे मी सालगडी?" पण सालगड्यापेक्षा ही भानगड वाटेकऱ्याच्या जवळची आहे. शेती, खाणकाम, रानातला मेवा, मासेमारी आणि लढाई ही पाचही कौशल्यं ज्याची त्याची वाढतात. झोळी आपली, अवजारं आपली, दमही आपला. गावकऱ्यांशी जुळलेली मैत्रीही आपलीच, त्यामुळे होस्टने गावातल्या एखाद्याला दहा भेटी दिल्या म्हणून तो तुमच्याकडे बघून हसणार नाही. लग्नसुद्धा स्वतंत्र. मात्र गावातल्या एकाच व्यक्तीवर दोघांचा डोळा असेल तर जो आधी मागणी घालेल त्याचं जमतं, यावरून आमच्याकडे दोन दिवस अबोला होता.

सामाईक म्हणजे जमीन, हवामान, तारीख, गावातल्या पडक्या कम्युनिटी सेंटरच्या दुरुस्तीचं काम आणि खाणीत किती खोल पोचलो ते. एकाने लिफ्ट खाली नेली की सगळ्यांना तिथपर्यंत जाता येतं. हा जॉइन होणाऱ्याचा मोठा फायदा. उशिरा आलेल्यालाही पहिल्या मजल्यापासून उतरावं लागत नाही, फक्त त्याच्या हातात तलवार बरी हवी.

राहायला खोपट लागतंच. प्रत्येक जॉइन होणाऱ्यामागे एक, त्याशिवाय जागाच नाही. नवं को-ऑप, म्हणजे एकत्र खेळायचं, शेत सुरू करताना किती खोपटी हवीत ते गेम विचारतो. नंतर आठवण झाली तर सुतारकाम करणाऱ्या रॉबिनकडून बांधून घेता येतं, गेममधल्या पैशांत 100 आणि थोडं लाकूड किंवा दगड. म्हणजे एकट्याने खेळत असलेलं जुनं शेतही को-ऑप करता येतं. कळव्याच्या मैत्रिणीला हे सांगितल्यावर तिचा चेहरा उजळला. तिच्या कोंबड्या वाचल्या होत्या, फक्त आता आम्ही तिच्याकडे राहायला जायचं होतं. आम्ही गेलो नाही, पण ती वेगळी गोष्ट.

खरा फरक कळतो तो पहिल्या अडचणीला. होस्ट ऑनलाइन नसेल तर शेताला कुलूप. बाकी तिघं मोकळे आहेत, उद्या सुट्टी आहे, बाहेर घोडबंदर रोडवर तुफान पाऊस पडतोय, तरी काही होत नाही. जॉइन झालेला गेला तर दिवस चालू राहतो, त्याचं सामान होस्टकडे शाबूत राहतं. होस्टचे दिवे गेले तर सगळ्यांचा तो दिवस पुसला जातो, सकाळी सहापासून केलेलं सगळं. कारण गेम सेव्ह होतो तो फक्त दिवस संपल्यावर, सगळे झोपले की.

आमचा पहिला होस्ट निवडला गेला तो एकाच निकषावर: त्याचा लॅपटॉप भारी होता. लॅपटॉप ऑफिसचा होता हे आम्हाला माहीत होतं आणि त्याचं गांभीर्य कुणालाच कळलं नव्हतं. दीडेक वर्षाने त्याने नोकरी बदलली, शेवटच्या दिवशी लॅपटॉप, ओळखपत्र आणि बॅग जमा करून आला आणि रात्री ग्रुपवर फक्त एक वाक्य टाकलं, "अरे, शेत राहिलं त्यात." तिसऱ्या वर्षातलं शेत, दोन गोठे, तळघरात मुरत ठेवलेलं चीज आणि वाइन. कुठल्याशा आयटी खात्याने नेहमीप्रमाणे फॉरमॅट मारला असणार, त्यांना काय माहीत आत बावीस गाई होत्या.

तेव्हापासून दोन गोष्टी मी सगळ्यांना सांगत सुटलोय. एक, होस्टने त्या सेव्हच्या फोल्डरची प्रत पेन ड्राइव्हवर नाहीतर क्लाउडवर ठेवावी, महिन्याला एकदा तरी. दुसरी, भारी लॅपटॉपवाल्याला होस्ट करू नका. गेम हलका आहे, जुन्या मशीनवरही पळतो. होस्ट असा हवा ज्याचं रात्रीचं वेळापत्रक पक्कं आहे. ज्याची शिफ्ट दर आठवड्याला बदलते तो कितीही चांगला खेळत असला तरी त्याने जॉइनच व्हावं.

यावर कुणीतरी हमखास विचारतं, की फोल्डर दुसऱ्याला दिलं तर तो होस्ट होईल ना? होईल, पण अर्धवट. ते फोल्डर आपल्या मशीनवर टाकून शेत उघडलं की तुम्ही त्यात उतरता ते मूळ होस्टच्या पात्राच्या अंगात. तुमचं स्वतःचं पात्र खोपटात झोपलेलंच राहतं. अदलाबदल करून देणारी बाहेरची साधनं आहेत, पण गेमच्या मेनूत असं बटण नाही. सातबाऱ्यावर वारस लावण्याइतकंच किचकट म्हणा.

वेळेच्या बाबतीत मात्र होस्ट आणि जॉइन झालेला दोघं एकाच नावेत, आणि एकट्याने खेळायची सवय असलेल्यांची इथे तारांबळ उडते. एकट्याच्या खेळात मेनू उघडला की घड्याळ थांबतं. को-ऑपमध्ये थांबत नाही. गेममधली दहा मिनिटं म्हणजे आपले सात सेकंद, सकाळी सहा ते रात्री दोन असा पूर्ण दिवस साधारण चौदा मिनिटांत संपतो. तुम्ही पेटीत सामान लावत बसलात तर तिकडे दुपार झालेली असते. आईने जेवायला हाक मारली तरी दिवस चालूच. झोपायला मात्र सगळे लागतात, तिघं अंथरुणावर पडून वाट बघतायत आणि चौथा अजून नदीवर मासा ओढतोय हे आमच्याकडचं रोजचं दृश्य आहे. ऋतू 28 दिवसांचा, म्हणजे सलग बसलात तर सहा-सात तासांत एक वसंत आटोपतो. चौघांची वेळ जुळवताना आम्हाला त्याला दोन आठवडे लागतात.

पैशांचा एक छोटा घोळ याच घोळाला चिकटलेला असतो. शेत होस्टचं म्हणजे गल्लाही होस्टचा, असं वाटतं. तसं नाही. नेहमीची मांडणी सामाईक गल्ल्याची: कुणीही विकलं तरी पैसे एकाच ठिकाणी, कुणीही खर्च केला तरी तिथूनच. वेगवेगळे खिसे हवे असतील तर सुरुवातीलाच तसं निवडता येतं किंवा होस्ट नंतर सरपंच लुईसच्या घरातल्या वहीत बदल करू शकतो, तो रात्र उलटल्यावर लागू होतो. वेगळे खिसे असले की विक्रीच्या पेटीत ज्याने माल टाकला त्याला पैसे. माझं मत सामाईकच्या बाजूने आहे. वेगळे खिसे केले की माणसं हिशेब करायला लागतात, पाणी कुणी घातलं आणि फ्लॉवर कुणी काढला यावर चर्चा होते, आणि ती चर्चा आपण दिवसभर ऑफिसात केलेलीच असते.

आता प्रत्यक्ष जोडणी. ऑनलाइन खेळायला प्रत्येकाकडे स्वतःचा गेम विकत घेतलेला हवा. एकाच टीव्हीसमोर बसून स्क्रीन विभागून खेळायची सोय 2020 च्या शेवटी आलेल्या 1.5 या आवृत्तीपासून आहे, तिथे एकच प्रत पुरते. 2018 मध्ये पीसीवर को-ऑप आलं तेव्हा मर्यादा चौघांची होती. 2024 च्या 1.6 ने पीसीवर ती आठांपर्यंत नेली, पण आठ जणांना एका वेळी झोपवणं काय असतं याची कल्पना करा. पीसीवाल्यांचं आपसात जमतं, स्टीम आणि जीओजी या गेमच्या ऑनलाइन दुकानांपैकी एकावर घेतलेला आणि दुसऱ्यावर घेतलेला एकत्र खेळू शकतात. पीसी आणि प्लेस्टेशन, किंवा स्विच आणि एक्सबॉक्स, हे नाही. गेम घ्यायच्या आधी मित्राकडे काय आहे ते विचारा, नंतर विचारून उपयोग नसतो. आणि आवृत्ती सगळ्यांची एकच ठेवा.

जॉइन होताना दोन रस्ते दिसतात, इन्व्हाइट कोड आणि लॅन. एकाने घणसोलीत, एकाने ठाण्यात बसून खेळायचं असेल तर कोड. होस्टने तो आपल्या ऑप्शन्समधून काढून पाठवायचा, दर वेळी नव्याने काढलेला बरा. लॅन म्हणजे एकाच वायफायवर असलेल्यांसाठी, तिथे होस्टचा आयपी पत्ता टाकायचा. घराबाहेरूनही आयपी टाकून येता येतं असं काही हुशार सांगतील, पण आपल्याकडे बऱ्याच जोडण्यांवर अनेक ग्राहकांत मिळून एकच बाहेरचा पत्ता वाटलेला असतो, त्यामुळे राउटरमध्ये पोर्ट उघडून दोन तास घालवल्यावर हाती काही लागत नाही. मी घालवलेत. कोड वापरा.

होस्टवर इतकं अवलंबून राहायचंच नसेल तर फार्मिंग सिम्युलेटर या दुसऱ्या शेतीच्या गेमकडे बघा. तिथे चोवीस तास चालणारा वेगळा सर्व्हर भाड्याने घेता येतो आणि एकाच नकाशात मित्रांची शेतं वेगवेगळी ठेवता येतात, म्हणजे फार्मव्हिलवाल्यांच्या डोक्यातलं चित्र तिथे थोडंफार खरं होतं. पण ते ट्रॅक्टरप्रेमींचं जग आहे. आमच्यातल्या कुणालाच हार्वेस्टरला ट्रेलर जोडण्यात अर्धा तास घालवायची हौस नाही.

सध्या आमचा होस्ट घणसोलीचा मित्र आहे. लॅपटॉप जुना, बिजागरीला चिकटपट्टी, पण नऊ वाजता जेवून माणूस घरी असतो म्हणजे असतोच. तो आगरी, त्याच्या आजोबांची भातखाचरं नवी मुंबई वसवताना गेली आणि आता तिथे इमारती आहेत. शेताचा नकाशा निवडायचा हक्क होस्टचा, त्याने नदीचा निवडला. आम्ही म्हटलं यात पिकाला जागा कमी मिळते. तो म्हणाला, भात लावायचाय. गेममध्ये भाताला पाण्यापासून तीन चौकटींच्या आत लावलं तर रोज पाणी घालावं लागत नाही आणि तो लवकरही येतो, हे त्याला आमच्या आधी माहीत होतं.

परवा कॉलवर मागून त्याच्या आईचा आवाज आला. ती स्क्रीनकडे बघत होती. हा दुकानातून तयार रोपं आणून एकेक टोचत होता. तिने विचारलं, "राब कुठं केलास?" म्हणजे भाताची रोपं कुठल्या वाफ्यात वाढवलीस. त्याने माइक बंद केला. तेवढ्यात गेममध्ये दुपारचे दोन वाजले आणि आमच्यातल्या एकाने नदीत गळ टाकला.