प्रेसचं मैदान, मिगचं मैदान: नाशिकच्या कंपनी क्रिकेटची पार्श्वभूमी

गोल्फ क्लबवर रणजी सामना लागला की नाशिकमध्ये चार दिवस क्रिकेटशिवाय दुसरा विषय नसतो. जानेवारी २०२५ मध्ये इथे महाराष्ट्र आणि बडोदा खेळले, त्याच वर्षी नोव्हेंबरच्या सुरुवातीला सौराष्ट्रचा संघ येऊन गेला. मैदानाला नाव हुतात्मा अनंत कान्हेरे यांचं. २१ डिसेंबर १९०९ रोजी विजयानंद थिएटरात त्यांनी कलेक्टर जॅक्सनवर गोळ्या झाडल्या आणि १९ एप्रिल १९१० रोजी ते ठाण्याच्या तुरुंगात फासावर गेले. हे मैदान सगळ्या शहराचं आहे. सकाळी फिरणारी मंडळी, सराव करणारी मुलं, निवडणुका आल्या की जाहीर सभा, सगळं इथेच.

पण नाशिकचं क्रिकेट एवढ्या एका मैदानावर वाढलेलं नाही. अनेक वर्षं नियमित पाणी, नियमित रोलर आणि पगारी माळी असलेली मैदानं होती ती कारखान्यांची. नाशिकरोडला प्रेसचं, म्हणजे सरकारी छापखान्याचं, ओझरला मिगचं, म्हणजे विमान कारखान्याचं, शिवाय सातपूर-अंबडच्या कंपन्यांनी आपापल्या कामगारांसाठी राखलेली लहानमोठी जागा. रणजीच्या बातम्यांत या मैदानांचा उल्लेख येत नाही. तो यायला हवा असं मला मनापासून वाटतं.

सुरुवात लष्करापासून करावी लागते. देवळालीची छावणी एकोणिसाव्या शतकातली. छावणी आली की पाठोपाठ कवायतीचं मैदान आणि त्याच्या एका कडेला मॅट अंथरून क्रिकेट, हा इंग्रजी अमदानीतला नेम. शहरातल्या लोकांनी हा खेळ आधी पाहिला तो असाच, कुंपणाबाहेरून. खेळायला स्वतःची जागा मिळाली ती पुढे, कारखाने आल्यावर.

त्यातला पहिला मोठा कारखाना म्हणजे नाशिकरोडचं इंडिया सिक्युरिटी प्रेस. तोवर हिंदुस्थानची टपाल तिकिटं लंडनहून, थॉमस द ला रू या कंपनीकडून छापून येत. ती इथेच छापावीत असं ठरलं आणि १९२५ मध्ये नाशिकरोडला प्रेस सुरू झालं. मुंबई जवळ, रेल्वे दारात, हवा बरी, म्हणून ही जागा निवडली. १९२८ मध्ये शेजारीच करन्सी नोट प्रेस उभं राहिलं आणि नोटाही इथे छापल्या जाऊ लागल्या. एका छोट्या स्टेशनाभोवतीच्या गावात अचानक हजारो पगारी माणसं आली. काम कडक बंदोबस्तातलं. आत जाताना तपासणी, बाहेर येताना तपासणी, कागदाच्या प्रत्येक तुकड्याचा हिशेब. अशा ठिकाणी राबणाऱ्या माणसाला संध्याकाळी मोकळं अंगण लागतंच. वसाहत, शाळा, दवाखाना यांच्या जोडीने जिमखाना आणि मैदान आलं ते या गरजेतून. त्यात साहेबी हौस थोडी असेल, पण मैदान टिकवलं ते कामगारांनी. क्रिकेटबरोबर फुटबॉल, कबड्डी, ॲथलेटिक्स, सगळ्याला तिथे जागा मिळाली.

इथे मालकीचा एक मुद्दा नीट समजून घ्यायला हवा. प्रेस जवळजवळ ऐंशी वर्षं थेट केंद्र सरकारच्या अर्थखात्याखाली होतं. मैदान त्यामुळे सरकारी, पण सार्वजनिक नाही. २००६ मध्ये देशातल्या टांकसाळी आणि असे छापखाने मिळून सिक्युरिटी प्रिंटिंग अँड मिंटिंग कॉर्पोरेशन ऑफ इंडिया ही सरकारी कंपनी झाली. त्यात एकूण नऊ युनिट, पैकी दोन नाशिकरोडची. तेव्हापासून प्रेस एका कंपनीचं झालं आणि मैदानावर होणारा खर्च कंपनीच्या ताळेबंदातल्या कल्याण खर्चाशी बांधला गेला. खेळणाऱ्यांना त्या दिवशी काही वेगळं जाणवलं नसेल, पण अशा बदलाचा परिणाम हळूहळू दिसतो. खात्याला मैदान सांभाळायला वेगळं कारण लागत नाही. कंपनीत मात्र दरवर्षी कोणीतरी विचारतंच, की हे आपण का सांभाळतोय?

ओझरचं तसं नाही. तिथला कारखाना पहिल्या दिवसापासून कंपनीचाच. सोव्हिएत रशियाच्या सहकार्याने मिग-२१ हे लढाऊ विमान बनवायचं ठरल्यावर १९६३ मध्ये एरोनॉटिक्स इंडिया लिमिटेड ही कंपनी निघाली आणि १ ऑक्टोबर १९६४ ला ती बंगळूरच्या हिंदुस्तान एअरक्राफ्टमध्ये विलीन होऊन आजची हिंदुस्तान एरोनॉटिक्स, म्हणजे एचएएल, झाली. विमानाचा सांगाडा ओझरला, इंजिन कोरापूटला, इलेक्ट्रॉनिक्स हैदराबादला, अशी विभागणी होती. नाशिकपासून वीस-पंचवीस किलोमीटरवर, निफाड तालुक्यातल्या माळरानावर धावपट्टी, कारखाना आणि टाऊनशिप उभी राहिली. लोक आजही त्या जागेला 'ओझर मिग' म्हणतात. देशभरातून आलेली कुटुंबं एका कुंपणात राहू लागली. केरळचा फिटर, पंजाबचा इन्स्पेक्टर, लासलगावचा टर्नर. मैदानं टाऊनशिपच्या नकाशातच होती, शाळा आणि दवाखान्याप्रमाणे. प्रेसचं मैदान गरजेतून वाढलं, ओझरचं आराखड्यातून आलं.

निफाडची थंडी महाराष्ट्राला माहीत आहे. डिसेंबर-जानेवारीत राज्यातलं सर्वात कमी तापमान अनेकदा तिथलंच असतं. खुल्या माळावरच्या मैदानावर अशा सकाळी गवतावर दव असतं, चेंडू ओला होतो, पीचमध्ये ओल राहते आणि पहिला तासभर मध्यमगती गोलंदाज फलंदाजाला उभं राहू देत नाही. दहा-साडेदहाला ऊन चढलं की तेच पीच फलंदाजाचं. म्हणून या भागात नाणेफेक जिंकल्यावर काय करायचं हा प्रश्न फारसा कठीण नसतो.

पीचबद्दल बोलायलाच हवं, कारण कंपनीच्या मैदानाचं खरं मोल तिथे कळतं. खेळपट्टी लांबीला २२ यार्ड, म्हणजे २०.१२ मीटर, आणि रुंदीला १० फूट. एवढ्याशा पट्टीसाठी आठवडाभराचं काम असतं. आपल्याकडची माती काळी, चिकणमातीचं प्रमाण जास्त. ती पाणी धरते, फुगते, आणि सुकताना आवळून घट्ट बसते. हे नीट जुळवलं तर पीच दिवसभर एकसारखं वागतं, नाही जुळलं तर भेगा पडतात आणि एक चेंडू घोट्याला तर पुढचा बरगडीला. रविवारी सामना असेल तर आठवड्याच्या सुरुवातीला भरपूर पाणी द्यायचं, वाफसा आला की हलका रोलर, मग जड रोलर, पुन्हा थोडा शिडकावा, पुन्हा रोलर. शेवटी गवत बारीक कापून चुन्याने क्रीझ आखायची. रोलर कधी थांबवायचा हे घड्याळ सांगत नाही. माळी अंगठा दाबून बघतो, ठसा किती खोल उमटतो त्यावर ठरवतो. असा एक जाणता माळी कंपनीच्या पगारपत्रकावर असणं हीच त्या मैदानाची सर्वात मोठी सुविधा. पॅव्हेलियन, ड्रेसिंग रूम, साइट स्क्रीन, नेट हे सगळं नंतर येतं. पैसे असले की पॅव्हेलियन एका हंगामात बांधून होतो. काळ्या मातीतलं पीच मात्र अनेक पावसाळ्यांतून गेल्याशिवाय तयार होत नाही.

टर्फ, म्हणजे अशी मातीची गवताळ खेळपट्टी, राखायची तर पाणी हवं, आणि नाशिकला गंगापूर धरण असलं तरी मार्च उजाडला की मैदानाच्या पाण्याचा नंबर शेवटचा लागतो. कंपन्यांची स्वतःची पाणीव्यवस्था होती म्हणून त्यांची मैदानं हिरवी राहिली. बाकी शहरातली मुलं वर्षानुवर्षं मॅटवर, सिमेंटच्या पट्टीवर आणि टेनिस बॉलवर खेळली. मॅटवर चेंडू एकाच उंचीवर येतो. त्या सवयीचा फलंदाज जिल्ह्याच्या निवड चाचणीला टर्फवर उतरला की पहिल्या खाली राहिलेल्या चेंडूवर पायचीत होतो. कंपनीच्या मैदानावर खेळायला मिळालेला मुलगा आणि न मिळालेला मुलगा यांच्यात हे अंतर पडत आलं आहे.

यात दुसरी बाजू नोकरीची. भारतीय क्रिकेटपटूचं पोट बराच काळ क्रिकेटवर भरत नव्हतं, ते नोकरीवर भरत होतं. मुंबईत १९३० च्या दशकाच्या सुरुवातीपासून टाइम्स शील्डमध्ये कार्यालयांचे संघ खेळत आले. सुनील गावसकर निरलॉनमध्ये होते, अजित वाडेकर स्टेट बँकेत. रेल्वेचा संघ तर १९५८-५९ पासून रणजीत स्वतंत्र उतरला. नाशिकला या पातळीची मोठी नावं पगारावर नव्हती, पण पद्धत तीच. चांगला खेळणारा मुलगा प्रेसमध्ये किंवा मिगमध्ये लागला की त्याची नोकरी पर्मनंट, सामन्याला रजा आणि सरावाला मैदान. १९६२ नंतर एमआयडीसी आली, सातपूर वसलं, पुढे अंबड. मायकोचा कारखाना आला, त्याच्या नावाचा मायको सर्कल कंपनीचं नाव बॉश झाल्यावरही तसाच राहिला. महिंद्रा, क्रॉम्प्टन, सिएट अशा कंपन्या आल्या. फर्स्ट शिफ्ट संपवून मैदानावर येणारे गोलंदाज आणि सेकंड शिफ्टला वेळेवर पोहोचायचं म्हणून फटकेबाजी करणारे फलंदाज नाशिकच्या आंतर-कंपनी सामन्यांनी भरपूर पाहिले.

बापू नाडकर्णींचं नाव इथे घ्यायला हवं. त्यांचा जन्म ४ एप्रिल १९३३, नाशिकचा. जानेवारी १९६४ मध्ये मद्रासला इंग्लंडविरुद्ध त्यांनी सलग २१ षटकं निर्धाव टाकली. डावातलं पृथक्करण ३२ षटकं, २७ निर्धाव, ५ धावा. त्यांची घडण मुख्यतः नाशिकबाहेरची, पुण्या-मुंबईची, हे खरं. नेमकं तेच सांगायचं आहे. त्या पिढीत नाशिकच्या मुलाला पुढचं क्रिकेट खेळायचं तर गाव सोडावं लागे. शिवाय नाशिक मुंबईच्या इतकं जवळ असूनही क्रिकेटच्या नकाशावर पुण्याच्या महाराष्ट्र संघटनेत मोडतं. जवळचं मोठं क्रिकेट मुंबईला आणि निवड पुण्याला, अशी ओढाताण इथल्या खेळाडूंनी कायम सोसली.

कंपनीचं मैदान काय करू शकतं ते पाहायला देशात उदाहरणं आहेत. जमशेदपूरचं कीनन स्टेडियम टाटा स्टीलचं, १९३९ मधलं, कंपनीचे सरव्यवस्थापक जॉन कीनन यांच्या नावाचं. ७ डिसेंबर १९८३ ला तिथे वेस्ट इंडीजने भारताविरुद्ध ३३३ धावा केल्या, रिचर्ड्सच्या १४९ आणि ग्रीनिजच्या ११५. बडोद्याचं आयपीसीएलचं मैदान सरकारी पेट्रोकेमिकल कंपनीचं. सचिन तेंडुलकरने २८ ऑक्टोबर १९९४ ला न्यूझीलंडविरुद्ध तिथे ११५ केल्या. २००२ मध्ये आयपीसीएल रिलायन्सकडे गेली आणि मैदानाचं नावही बदललं. माझ्या मते सर्वात बोलकं उदाहरण रांचीचं. महेंद्रसिंग धोनीचे वडील मेकॉन या सरकारी कंपनीत पंप ऑपरेटर होते, धोनी कंपनीच्या वसाहतीत वाढला आणि पुढे सेंट्रल कोलफील्ड्सच्या संघातून खेळला. ज्या मोठ्या पातळीवरच्या क्रिकेटमध्ये त्याला कोणी ओळखत नव्हतं, तिथे पोहोचण्याआधीचं बरंचसं क्रिकेट त्याला कंपन्यांनी दिलं. कीननवर २००६ नंतर आंतरराष्ट्रीय एकदिवसीय सामना झाला नाही आणि रांचीत संघटनेचं स्वतःचं स्टेडियम झालं, हेही त्याच गोष्टीचा भाग आहे. संघटनांकडे पैसा आला तसं त्यांना कंपन्यांच्या दारात उभं राहावं लागेना.

नाशिकलाही वारं तिकडेच वळलं. यंत्रं सुधारली, माणसं कमी लागू लागली, भरती आटली, कंत्राटी कामगार वाढले. कंत्राटावरच्या मुलाला सामन्याची रजा कोण देणार? खेळाडू म्हणून नोकरी मिळण्याचा मार्ग अरुंद झाला तशी कंपनी संघांची वयं वाढत गेली. मैदानाची जमीन कुठे जात नाही, पण खेळणारा गेला की आधी नेट फाटतात, मग रोलर गंजतो आणि शेवटी पीचवर गवताबरोबर तण उगवतं. दुसरीकडे जिल्हा संघटना, खाजगी अकादम्या आणि गोल्फ क्लब यांच्या बळावर नवी पिढी आली. डावखुरा फिरकी गोलंदाज सत्यजित बच्छाव, चेन्नई सुपर किंग्जने घेतलेला अष्टपैलू रामकृष्ण घोष, २०२२ च्या महिला टी-२० चॅलेंजमध्ये आपल्या अनोख्या शैलीने सगळ्यांचं लक्ष वेधणारी सिन्नरची लेगस्पिनर माया सोनवणे. त्यांच्यामागे येणाऱ्या मुलामुलींची संख्या मोठी आहे आणि टर्फ अजून तेवढंच.

ओझरमध्ये काम संपलेलं नाही. मिग-२१ सप्टेंबर २०२५ मध्ये वायुदलातून निवृत्त झालं, तर ऑक्टोबर २०२५ मध्ये तिथेच तेजस मार्क-१ए या लढाऊ विमानाची नवी उत्पादन साखळी सुरू झाली. प्रेसही छापतंय. या जागांवर संरक्षणाची बंधनं आहेत, गेट आहे, पास आहे, ते राहणारच. पण मैदान बहुतेक ठिकाणी कारखान्याच्या आत नसून वसाहतीच्या बाजूला असतं आणि तिथे वेगळं फाटक ठेवता येतं. कंपनीने जमीन आणि पाणी द्यावं, संघटनेने माळी आणि माती सांभाळावी, शनिवार-रविवार १४ आणि १६ वर्षांखालच्या मुलामुलींचे सामने तिथे लावावेत, विमा आणि ओळखपत्राची जबाबदारी लेखी ठरवावी. करार पाच वर्षांपेक्षा कमी मुदतीचा नको, कारण एक-दोन हंगामांत काळ्या मातीचं पीच धड होत नाही.