बॅकअपमधून सुटी फाइल काढणे

संपूर्ण बॅकअप पुन्हा न चढवता त्यातली हवी तेवढीच फाइल बाहेर काढण्याची पद्धत. त्यासाठी इन्स्टॉल न करता पेनड्राइव्हवरूनच चालणारी, म्हणजे पोर्टेबल साधने वापरतात. इगोर पाव्हलोव यांचे १९९९ पासूनचे सेव्हन-झिप त्यांत सर्वांच्या परिचयाचे.

गोव्यात फोंडा, म्हापसा, डिचोली इथल्या डीटीपीवाल्यांना याची गरज बहुधा चवथीच्या तोंडावर किंवा जत्रांच्या दिवसांत पडते. गेल्या वर्षीची पत्रिका, नाटकाचे हँडबिल, देवस्थानची स्मरणिका, तारखा बदलून पुन्हा छापायची असते आणि मूळ संगणक पावसाळ्यातल्या विजेच्या लपंडावात गेलेला असतो.

काम किती सोपे जाईल हे बॅकअप कोणत्या स्वरूपात आहे यावर ठरते. झिप (१९८९) या स्वरूपात आतल्या फाइलींची यादी शेवटी असते आणि कोणती फाइल कुठून सुरू होते हे तिच्यात नोंदलेले असते, म्हणून साधन थेट तिथे पोचते. टार (१९७९) मुळात टेपसाठी केलेले. त्यावर जीझिप (फाइल दाबून लहान करणारी पद्धत) चढवले असेल तर शेवटची फाइल काढायलाही सुरुवातीपासून सगळे उलगडत जावे लागते. झिपची यादी शेवटी असणे कधी अंगाशी येते: कॉपी मध्येच तुटली तर यादीच जाते आणि साधन हात वर करते. तरी घाईने डिस्क पुसू नये. प्रत्येक फाइलीच्या आधी तिचे छोटे शीर्षक असते आणि त्यावरून पुष्कळ काही वाचवता येते.

विंडोज ७ चा बॅकअप तारखांच्या फोल्डरांत झिपचे तुकडे ठेवतो. ताजी प्रत कोणत्या तुकड्यात आहे ते शोधण्यातच निम्मा वेळ जातो. पूर्ण डिस्कची व्हीएचडी इमेज, म्हणजे एकाच फाइलीत साठवलेली अख्खी डिस्क, असल्यास सेव्हन-झिप तीही फोल्डरासारखी उघडते. फाइल मात्र आतल्या आत डबल-क्लिक करून दुरुस्त करू नये. बंद करताना 'आर्काइव्हमध्ये बदल करू का' असे विचारले जाते, आणि हो म्हटले की झिप किंवा सेव्हन-झेड (सेव्हन-झिपचे स्वतःचे स्वरूप) बॅकअपमधली जुनी प्रतच बदलते. आधी दुसऱ्या डिस्कवर काढावी, मग हात लावावा.

काढलेली मराठी फाइल इंग्रजी अक्षरांच्या खिचडीसारखी दिसली तर ती बिघडलेली असेलच असे नाही. युनिकोड (सर्व लिप्यांसाठीची सामाईक अक्षर-संकेत पद्धत) रुळण्यापूर्वीच्या फाँटमधला मजकूर त्या फाँटविना असाच दिसतो. फाँट विंडोजच्या फोल्डरात राहतो, त्यामुळे फक्त डॉक्युमेंट्सचा बॅकअप असेल तर तो त्यात सापडत नाही, डिस्क-इमेजमध्ये सापडतो.